पाण्याचा ताळेबंद आणि दहाचे घात

भारतात १९५६ च्या कायद्याने मेट्रिक मापे स्वीकारली गेली आणि १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणेपद्धती सुरू झाली. या मापांचा मोठा गुण असा की, एका एककातून दुसऱ्या एककात जाताना केवळ दहाने, शंभराने वा हजाराने गुणावे अथवा भागावे लागते. मात्र गावपातळीवरील आकडेमोडीत पुष्कळशा चुका याच ठिकाणी होतात. अंक बरोबर असतात. दशांशचिन्हाची जागा चुकते. दहाच्या घातांचा उपयोग केल्यास ही चूक टाळता येते.

कोणतीही संख्या एक ते दहा यांमधील दशांश संख्या आणि दहाचा एखादा घात यांच्या गुणाकाराने लिहिता येते. ८५० म्हणजे ८.५ गुणिले १० चा दुसरा घात. येथे घातांक २ आहे. एकापेक्षा लहान संख्येचा घातांक उणे असतो. उदाहरणार्थ, ०.६२ चा दशांश भाग ६.२ व घातांक उणे १ होय.

अशा दोन संख्यांच्या गुणाकाराचा नियम सोपा आहे. दशांश भागांचा गुणाकार करावा, घातांकांची बेरीज करावी. गुणाकार दहा वा अधिक आल्यास दशांशचिन्ह एक घर डावीकडे सरकवून घातांक एकाने वाढवावा.

उदाहरणादाखल ८५० हेक्टर क्षेत्राच्या व वर्षाला ६२० मिलिमीटर पाऊस पडणाऱ्या गावाचा विचार करू. एक हेक्टर म्हणजे दहा हजार चौरस मीटर, म्हणून क्षेत्राचा दशांश भाग ८.५ व घातांक २ अधिक ४, म्हणजे ६. एक मिलिमीटर हा मीटरचा हजारावा भाग, म्हणून पावसाचा दशांश भाग ६.२ व घातांक २ उणे ३, म्हणजे उणे १. आता ८.५ गुणिले ६.२ बरोबर ५२.७, घातांकांची बेरीज ५. प्रमाण रूपात ५.२७ आणि घातांक ६. म्हणजेच गावावर ५२ लाख ७० हजार घनमीटर पाणी पडते.

या गावाची लोकसंख्या २,४०० धरू. २०१९ मध्ये सुरू झालेल्या जलजीवन अभियानाच्या दरडोई दररोज ५५ लिटर या प्रमाणानुसार वर्षाची गरज २.४, ५.५ व ३.६५ यांचा गुणाकार, म्हणजे ४८.१८, आणि घातांक ३, १ व २ यांची बेरीज ६. हे ४ कोटी ८१ लाख ८० हजार लिटर, अर्थात ४८,१८० घनमीटर झाले. पावसाचे पाणी या गरजेच्या शंभरपटीहून अधिक आहे.

आता नेहमीची चूक पाहा. ६२० मिलिमीटर लिहिताना मिलिमीटरचा उणे ३ तेवढा घेतला आणि ६२० मधील २ विसरला, तर उत्तर ५२,७०० घनमीटर येते. हा आकडा खरा मानणारी ग्रामसभा असे समजेल की, पिण्याची गरज भागताच पाऊस जवळजवळ संपतो. मग बंधारे, पाझर तलाव आणि पीक नियोजन यांची चर्चाच खुंटेल.

अर्थात पडलेले सर्व पाणी हाती राहत नाही. काही वाफ होऊन जाते, काही पिके व माती घेतात, काही ओढ्यावाटे वाहून जाते. यातील किती अडवावे व कोणत्या पिकाला द्यावे, हे ठरविण्यासाठीच ताळेबंद मांडावयाचा असतो. अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजार या गावाने असा ताळेबंद मांडून पिकांची आखणी करण्याचा परिपाठ ठेवला, हे सर्वश्रुत आहे.

शिक्षकांनी हा पाठ शिकविताना आपल्याच गावचे क्षेत्र आणि पर्जन्यमापकाची नोंद घ्यावी. विद्यार्थ्यांनी काढलेले उत्तर ग्रामपंचायतीच्या फलकावर लागले, तर गणिताचा तास आणि गावाचा कारभार या दोहोंनाही त्याचा लाभ होईल.