पाणवठ्यावरील विषारी साप : समज आणि दक्षता

पैनगंगा, पूर्णा, नळगंगा व खडकपूर्णा या नद्यांच्या काठी वसलेल्या आपल्या जिल्ह्यात साप आणि पाणी यांचा संबंध सर्वांस परिचित आहे. मात्र साप तेथे येतो तो मुख्यतः बेडूक व उंदीर यांच्या शोधात. पाण्यात पोहताना दिसणारा साप बहुधा पाणदिवड म्हणजेच विरोळा असतो. तो चिडका, पण बिनविषारी. तरीही पाण्यातला प्रत्येक साप निरुपद्रवी समजू नये, कारण नागही उत्तम पोहतो.

खरा धोका रात्रीच्या ओलिताचा. रब्बीत रात्रपाळीच्या विजेवर गहू-हरभऱ्याला पाणी देताना शेतकरी अंधारात धुऱ्यावरून चालतो. तेथे पडून राहिलेली घोणस सहसा पळत नाही. कुकरच्या शिट्टीसारखा फूत्कार ऐकू येईपर्यंत पाऊल पडलेले असते. गमबूट, बॅटरी आणि हातात काठी एवढी सामग्री पुष्कळ अनर्थ टाळते. शेतात मुक्काम असल्यास जमिनीवर न निजता खाटेवर, मच्छरदाणी नीट खोचून निजावे. मण्यार झोपेतच दंश करते, आणि त्या जागी वेदना वा सूज जवळजवळ नसते. पहाटे पोटात दुखणे, पापण्या जड होणे हीच पहिली खूण. ‘सूज नाही, म्हणजे विष नाही’ हा समज म्हणूनच घातक आहे.

दंश झाल्यास आवळून दोरी बांधू नये, जखम कापू वा चोखू नये. अंगठी, जोडवी काढावीत, तो अवयव फळीच्या आधाराने स्थिर ठेवावा आणि रुग्णास न चालविता आणावे. साप मारून आणण्याची गरज नाही. भारतातील प्रतिसर्पविष नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चौघांवर एकत्रितपणे चालते. रक्त गोठते की नाही, हे आम्ही काचेच्या कोरड्या नळीत 20 मिनिटांत पाहतो. बालकासही प्रौढाएवढीच मात्रा लागते, हे ऐकून नातेवाईक अनेकदा दचकतात. परंतु सापाने सोडलेले विष वयानुसार कमी होत नाही.

मांत्रिकाकडे गेलेले काही जण वाचतात, कारण कित्येक दंशांत विष उतरलेलेच नसते. ज्यांच्यात उतरले, त्यांचे मात्र मोलाचे तास जातात. 2000 ते 2019 या काळात भारतात सर्पदंशाने दरवर्षी सरासरी 58,000 मृत्यू झाल्याचा अभ्यासकांचा अंदाज आहे. 2030 पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याची राष्ट्रीय योजना केंद्र शासनाने 2024 मध्ये जाहीर केली. निघतानाच 108 क्रमांकावर वा रुग्णालयात कळवावे व दंशाची वेळ सांगावी, म्हणजे औषध व श्वसनयंत्र आधीच सज्ज ठेवता येते.