ठेका, कात्री आणि मोबाईल

एका स्नेहसंमेलनात विद्यार्थ्यांनी मोबाईलवर जुळवलेली लेझीमनृत्याची चित्रफीत दाखवली. आरंभी टाळ्या पडल्या. पण थोड्याच वेळात चित्र एकीकडे आणि ठेका दुसरीकडे असे होऊ लागले. दोन महिने सराव केलेल्या मुली पडद्यावर बेताल दिसू लागल्या. "सर, अ‍ॅपच बिघडलंय," असे विद्यार्थ्यांचे म्हणणे. वास्तविक दोष अ‍ॅपचा नव्हता, हिशेबाचा होता.

हा हिशेब असा. गाण्यात मिनिटाला 110 मात्रा असतील, तर एक मात्रा सुमारे 0.545 सेकंदाची होते. व्हिडिओत सेकंदाला 30 फ्रेम धरल्या, तर एका मात्रेच्या वाट्याला 16.36 फ्रेम येतात. फ्रेम अर्धवट कापता येत नाही. म्हणून प्रत्येक तुकडा 16 फ्रेमचा कापला गेला. चूक दिसायला क्षुल्लक. पण ती साठत जाते. 32 मात्रांनंतर ती साडेअकरा फ्रेमच्या पुढे, म्हणजे अर्ध्या मात्रेहून अधिक झाली!

उपाय सोपा आहे. तुकड्याला तुकडा जोडत न जाता प्रत्येक काप गाण्याच्या आरंभापासून मोजावा. आधी गाणे टाकावे, ते ऐकत मात्रांवर खुणा कराव्यात आणि मग चित्राचा तुकडा त्या खुणेपर्यंत आणावा. काही अ‍ॅप या खुणा आपोआप करून देतात. तरी त्या कानाने पडताळून घ्याव्यात. यंत्राने ठोका ओळखला, तरी सम ओळखली असे समजू नये. केरव्याच्या आठ मात्रा, तर दादऱ्याच्या सहा. दादऱ्याच्या गाण्यात चार-चार मात्रांवर कात्री चालवली, तर काप समेवर पडेलच असे नाही.

मग प्रत्येक मात्रेवर कापावे काय? मुळीच नाही. रशियन दिग्दर्शक आयझेन्स्टाइन याने 1929 साली केवळ लांबी मोजून केलेली जोडणी आणि चित्रातील हालचाल पाहून केलेली जोडणी यांत भेद केला होता. तो आजही उपयोगी आहे. लेझीम वाजण्याचा क्षण मात्रेवर यायला हवा. त्यासाठी काप त्याच्या काही फ्रेम आधी घ्यावा लागतो. हात उचललेला दिसला, तरच आघाताला अर्थ येतो. एरवी काप समेसाठी राखून ठेवावा. मधल्या मात्रा नाचणाऱ्याच्या पावलांनी भराव्यात.

त्या विद्यार्थ्यांनी खुणा करून तीच चित्रफीत पुन्हा जुळवली. मुली त्याच, नाच तोच. आता पाऊल ठेक्यावर पडत होते. विद्यार्थी मित्रहो, त्या मुळात बेताल नव्हत्याच. आपल्या कात्रीने दुसऱ्याचे श्रम झाकले जाऊ नयेत, एवढे भान ठेवले तरी संकलनाचा पहिला धडा आला म्हणावयाचा.