रोखे, भाग आणि त्यांचा बाजार

गतवर्षीं दिवाळीच्या सुटीनंतर आमच्या एका विद्यार्थ्याचे वडील आम्हांस भेटावयास आले. भाईंदर येथील स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यांत आयुष्य घालवून ते नुकतेच निवृत्त झाले होते. त्यांच्या हातीं एक छापील कागद होता. ते म्हणाले, “सर, दरमहा शेंकडा तीन देऊं म्हणतात. हा शेअर कीं रोखा? पैसे ठेवूं का?” आम्हीं कागद दोनदां वाचला. व्याजाचा आंकडा ठळक अक्षरांत होता. परंतु पैसे कोण घेणार, व देणाऱ्याचें त्याच्याशीं नातें कोणतें, हें त्यांत कोठेंच नव्हतें. हा लेख त्या प्रसंगावरून सुचला.

नातीं मुख्यतः दोनच आहेत. समजा, एका भांडींवाल्या कंपनीस नवें यंत्र घेण्यासाठीं दहा लाख रुपये हवे आहेत. पहिला मार्ग असा कीं, तिनें लोकांकडून कर्ज काढावें व प्रत्येकास लेख करून द्यावा: “आपले हजार रुपये अमुक वर्षांनीं परत करूं, व तोंपर्यंत दरसाल शेंकडा सात व्याज देऊं.” या लेखास कर्जरोखा म्हणतात. तो घेणारा कंपनीचा धनको होय. कंपनीस नफा होवो वा तोटा, त्याचें व्याज ठरलेलें. मात्र नफा दसपट झाला तरी त्यास सातावर आठवा रुपया मिळावयाचा नाहीं.

दुसरा मार्ग असा कीं, धंद्याचे लहान लहान भाग पाडून ते विकावे. हा भाग म्हणजेच शेअर. तो घेणारा धंद्याचा मालकच होतो, मग त्याचा वांटा कितीही अल्प असो. नफा झाल्यास त्यास लाभांश मिळूं शकतो व भागाची किंमतही चढते. परंतु धंदा बुडाला, तर आधीं धनकोंचें देणें भागवावयाचें, आणि कांहीं उरलेंच तर तें भागीदारांस. तो पंक्तीच्या शेवटीं बसलेला असतो. त्यास एवढाच दिलासा कीं, भागाची पूर्ण रक्कम भरली असल्यास तोटा तेवढ्यावरच थांबतो. घरदार जप्त होत नाहीं.

सरकार व नगरपालिकाही रोखे काढतात. पुणें महानगरपालिकेनें २०१७ सालीं पाणीपुरवठ्याच्या कामासाठीं २०० कोटी रुपयांचे रोखे काढले. मुदत दहा वर्षें, व्याज शेंकडा ७.५९. ज्यांनीं ते घेतले ते शहराचे धनको झाले, मालक नव्हेत. म्युच्युअल फंड म्हणून जें म्हणतात, त्यांत अनेकांच्या लहान रकमा एकत्र करून जाणकारांकडून असे भाग व रोखे घेतले जातात. आपल्या देशांत ही प्रथा १९६४ सालीं युनिट ट्रस्टनें सुरू केली.

नांवावर मात्र जाऊं नये. भाईंदरवरून मुंबईस जाणारा लोहमार्ग बी. बी. अँड सी. आय. रेल्वे कंपनीनें बांधला. गुजरातेंतून निघालेली तिची गाडी १८६४ सालीं मुंबईस पोंचली. तिचें भांडवल इंग्लंडांतील भागीदारांचें होतें. परंतु सरकारनें त्यांस शेंकडा पांच उत्पन्नाची हमी दिली होती, व तूट पडल्यास ती हिंदुस्थानच्या तिजोरींतून भरून निघे. म्हणजे नांव भागीदाराचें आणि निश्चिंती धनकोची!

आतां बाजाराकडे वळूं. कंपनी प्रथम भाग विकते, तेव्हां पैसा कंपनीस मिळतो. त्यानंतर तोच भाग तुम्ही बाजारांत घेतला, तर पैसा आधींच्या धारकास मिळतो. कंपनीच्या वहींत केवळ मालकाचें नांव बदलतें. दर कोणी सरकार ठरवीत नाहीं. विकणारा १०२ मागतो, घेणारा १०० देऊं करतो. दोघे १०१ वर आले कीं सौदा झाला. रोख्यांचे दरही असेच हलतात. शेंकडा सातचा जुना रोखा तुमच्याजवळ आहे, आणि तितक्याच भरंवशाचे नवे रोखे शेंकडा आठ देऊं लागले, तर जुना पूर्ण हजारास कोण घेईल? तो कमी दरानेंच विकावा लागेल.

मुंबईंत हा व्यवहार गेल्या शतकाच्याही आधींचा आहे. १८५० च्या सुमारास टाउन हॉलासमोरील वडाखालीं दलाल जमत. १८७५ सालीं त्यांची रीतसर संस्था झाली, तोच आजचा मुंबई शेअर बाजार. १९९५ पर्यंत तेथें ओरडून सौदे होत. पुढें संगणक आला. १९९६ पासून कागदी प्रमाणपत्रें जाऊन डीमॅट खातीं आलीं, आणि २०२३ पासून शेअरांचा सौदा दुसऱ्या कामकाजाच्या दिवशीं पुरा होतो.

दोन पिढ्या तरी लक्षांत राहील असा धडा या बाजारानें १८६५ सालींच दिला होता. अमेरिकेंतील यादवीमुळें इंग्लंडास तिकडचा कापूस मिळेना, तेव्हां मुंबईच्या कापसास सोन्याचा भाव आला. आलेला पैसा लोकांनीं नव्या नव्या कंपन्यांच्या भागांत ओतला. समुद्र हटवून जमीन करूं म्हणणाऱ्या बॅकबे कंपनीच्या भागांसाठीं झुंबड उडाली. कंपनी काय मिळविणार हें कोणी विचारीना. उद्यां आपल्याहून अधिक देणारा भेटेल, एवढ्यावरच सर्वांची भिस्त. युद्ध संपलें, कापूस उतरला, आणि घेणारा कोणी उरला नाहीं. प्रेमचंद रायचंदांसारख्या धनाढ्यासही त्याची झळ लागली. भागांच्या तारणावर कर्जें देणारी बँक ऑफ बाँबे १८६८ सालीं गुंडाळावी लागली.

इतिहास शिकविणारा स्वतः शहाणा असतोच असें नाहीं. कांहीं वर्षांपूर्वीं आम्हींही अधिक व्याजाच्या आशेनें एकेठिकाणीं वर्षभराची बचत ठेविली, आणि ती बुडाली. म्हणून त्या पालकांस आम्हीं तीनच प्रश्न लिहून दिले. आपण धनको होणार कीं भागीदार? देणारा हा पैसा कोणत्या मिळकतींतून देणार? आपणांस पैसे परत हवे असतां ते कोण व किती दिवसांत देईल? याशिवाय, लोकांकडून पैसे घेण्याची परवानगी त्यास सेबीची अथवा रिझर्व्ह बँकेची आहे काय, हें पाहण्यास सांगितलें. दरमहा तीन म्हणजे वर्षास छत्तीस. भांड्यांच्या धंद्यांत एवढें सुटतें काय, हें त्यांचें त्यांनाच ठाऊक होतें.

ते थोडा वेळ कागदाकडे पाहत राहिले. मग घडी करून म्हणाले, “सर, आमचा शेठ एवढें देऊं शकला नसता.” पैसे त्यांनीं तेथें ठेविले नाहींत.

विद्यार्थ्यांनो, व्याजाचें गणित तुम्हांस येतेंच. घरीं असा एखादा कागद आला, तर तें आईवडिलांजवळ बसून करून दाखवा.