करार आणि करारपत्र : विक्री लेखी केव्हा हवी?

'करार' आणि 'करारपत्र' हे शब्द आपण पुष्कळदा एकाच अर्थाने वापरतो. करार म्हणजे उभयपक्षी संमती. करारपत्र म्हणजे तिची लेखी नोंद.

समजा, पालीतील बल्लाळेश्वर मंदिराजवळच्या एका दुकानदाराने पन्नास हजार रुपयांच्या पापडांची मागणी फोनवरून दिली आणि उत्पादक महिलेने ती स्वीकारली. मालविक्री अधिनियम, १९३० च्या कलम ५ नुसार विक्रीचा करार लेखी, तोंडी किंवा पक्षांच्या वर्तनावरूनही होऊ शकतो. म्हणून केवळ कागद नाही या कारणाने दुकानदाराला ठरलेला माल नाकारता येणार नाही. मात्र वाद उद्भवल्यास भाव, वजन व मुदत त्या महिलेला सिद्ध करावी लागेल.

जमिनीचे तसे नाही. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ नुसार शंभर रुपये वा अधिक मूल्याच्या जमिनीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते.

थोडक्यात, मालाच्या विक्रीत कागद हा पुरावा असतो. जमिनीच्या विक्रीत तो अटच असते.

स्वयं-अध्ययन : पापडांच्या वरील व्यवहाराला दुजोरा देणारे पत्र त्या महिलेच्या वतीने लिहा. त्यात माल, वजन, भाव, मुदत यांचा स्पष्ट उल्लेख करा.