वाचकांचे प्रश्न : जुनी अमेरिकन गिटार, तिची किंमत, कर आणि कागदपत्रे

प्रश्न : १९६४ सालची एक फेंडर स्ट्रॅटोकास्टर न्यू जर्सीत विकायला आहे. गुंतवणूक म्हणून ती घ्यावी का? विकताना कर कसा लागतो? आणि पुढे कायमचे पुण्याला परतताना ती सोबत आणता येईल का?

उत्तर : फेंडरच्या बाबतीत १९६४ हे साल अगदी सीमेवरचे आहे. लिओ फेंडर यांनी कॅलिफोर्नियातल्या फुलर्टन गावी उभी केलेली ही कंपनी जानेवारी १९६५ मध्ये सीबीएस या प्रसारण कंपनीने १ कोटी ३० लाख डॉलरना विकत घेतली. त्याआधीच्या गिटारींना संग्राहक ‘प्री-सीबीएस’ म्हणतात आणि त्यांना वेगळा भाव देतात. कारागिरी काही जानेवारीच्या एका सकाळी बिघडली नाही. काटकसरीचे परिणाम पुढच्या काही वर्षांत हळूहळू दिसू लागले. पण बाजाराला ठळक रेघ लागते आणि ती तिथेच ओढली गेली. सीबीएसने वीस वर्षांनी, १९८५ मध्ये, हीच कंपनी तिच्याच अधिकाऱ्यांच्या गटाला १ कोटी २५ लाखांना विकली, म्हणजे घेतली त्याहून कमी किमतीत.

जुन्या गिटारीला भाव येतो तो वयामुळे नव्हे. गिब्सनची १९५८ ते १९६० मधली सनबर्स्ट रंगाची लेस पॉल त्या काळी अडीचशे डॉलरच्या आसपास मिळे, तरी खपत नसे. म्हणून कंपनीने तिचा आकारच बदलून टाकला. मग १९६६ मध्ये एरिक क्लॅप्टन यांनी जॉन मेयॉल यांच्या ध्वनिमुद्रिकेवर तशी एक गिटार वाजवली, अमेरिकेत माइक ब्लूमफिल्ड यांच्या हातात ती दिसली आणि वादक जुन्या दुकानांतून तिचा शोध घेऊ लागले. आज अस्सल, न बदललेली ‘बर्स्ट’ लाखो डॉलरना जाते. मार्टिनच्या दुसऱ्या महायुद्धाआधीच्या डी-२८ गिटारींचा भावही ब्लूग्रास वादकांच्या मागणीनेच चढला. आधी वादक, मग संग्राहक आणि शेवटी गुंतवणूकदार असा हा क्रम आहे. गुंतवणूकदार नेहमीच उशिरा येतो आणि वरचा भाव मोजतो.

किंमत ठरते अस्सलपणावर. मूळ रंग काढून गिटार पुन्हा रंगवलेली असेल, तर काम कितीही सफाईचे असले तरी भाव साधारण निम्म्यावर येतो. फेंडर तेव्हा मोटारींचे डुपाँट रंग ५ टक्के जादा घेऊन लावून देत असे. आज तशा मूळ रंगाला मोठा भाव असल्यामुळे साध्या सनबर्स्ट गिटारी नंतर रंगवून ‘फिएस्टा रेड’ म्हणून विकण्याचा मोह होतो. अतिनील दिव्याखाली जुना नायट्रोसेल्युलोज लॅकर हिरवट-पिवळा चमकतो आणि नवा रंग बहुधा वेगळा दिसतो. अनुक्रमांकावर मात्र विसंबू नये. स्ट्रॅटोकास्टरचा क्रमांक नेक जोडणाऱ्या धातूच्या पट्टीवर असतो आणि चार स्क्रू काढले की ती पट्टी दुसऱ्या गिटारीवर बसते.

खरी साक्ष आत मिळते. नेक उघडल्यावर तिच्या टोकाला शाईचा शिक्का दिसतो. त्यातला पहिला ‘२’ हा आकडा तारीख नसून मॉडेलचा संकेत आहे आणि त्यापुढे महिना व साल येते. व्हॉल्यूम-टोनच्या पॉटवर कोरलेला ‘३०४६४१२’ असा आकडा वाचायचा तो असा : ३०४ म्हणजे स्टॅकपोल ही उत्पादक कंपनी, ६४ हे साल, १२ हा आठवडा. पॉटवर ६७ असेल तर ते नंतर बदलले आहे. पिकअपच्या तारांचे मूळ सोल्डर कोणी छेडले आहे का, हेही जाणकार पाहतात. सुटे भागही महाग झाले आहेत. सेथ लव्हर यांनी तयार केलेल्या गिब्सनच्या ‘पीएएफ’ पिकअपची नुसती जोडीच हजारो डॉलरना विकली जाते. त्यामुळे चार गिटारींचे भाग जोडून ‘अस्सल’ पाचवी तयार करणारे भेटतात. म्हणूनच विक्रेत्याकडून प्रत्येक भागाबद्दल लेखी निवेदन घ्यावे. तोंडी आश्वासनाला न्यायालयात फार वजन नसते.

मालकीचा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. अमेरिकी कायद्यात चोराकडून मालकी पुढे जात नाही. त्यामुळे चोरीची वस्तू प्रामाणिकपणे विकत घेणाऱ्यालाही ती मूळ मालकाला परत करावी लागते. कॅनडाचे गायक रँडी बॅकमन यांची १९५७ सालची ग्रेच गिटार १९७६ मध्ये टोरंटोत चोरीला गेली आणि २०२२ मध्ये टोकियोत एका जपानी वादकाकडून परत मिळाली, तीही तशीच दुसरी गिटार बदल्यात देऊन. बिले आणि आधीच्या मालकांची साखळी मागणे यात संकोच नसावा.

गुंतवणूक म्हणून पाहिले तर हिशेब फारसा गोड नाही. गिटार भाडे देत नाही, व्याज देत नाही. विकताना दलालीत किमतीचा बराच भाग जातो आणि विम्याचा हप्ता दरवर्षी भरावा लागतो. घराच्या साध्या विम्यात अशा वस्तूला मर्यादा असते, म्हणून ठरलेल्या किमतीचा वेगळा विमा घ्यावा लागतो. व्यवसायासाठी वाजवल्यास घरगुती पॉलिसी बहुधा दावा नाकारते. मे २०१० च्या नॅशव्हिलच्या पुरात साउंडचेक या गोदामात पाणी शिरून वादकांच्या असंख्य गिटारी बुडाल्या. विमा नुसता कागदावर असून भागत नाही, हे त्या वेळी अनेकांना कळले. भावही सतत वरच जात नाही. २००८ च्या मंदीत चढलेला बाजार चांगलाच खाली आला होता. वाजवायला घ्यावी आणि भाव टिकला तर समाधान मानावे, अशीच ही खरेदी आहे. निवृत्तीचा पैसा तिच्यात घालू नये.

अमेरिकेत कर लागतो तो नफ्यावर. एक वर्षाहून अधिक ठेवलेल्या शेअरवर दीर्घकालीन भांडवली नफ्याचा केंद्रीय दर कमाल २० टक्के असतो, तर कायद्यातल्या ‘संग्राह्य वस्तूं’साठी, ज्यांत जुन्या दुर्मीळ वस्तू येतात, तो कमाल २८ टक्के आहे. साठ वर्षांची गिटार त्या व्याख्येत बसते का, यावर वाद घालता येतो. सावध सल्लागार २८ टक्केच धरतात. राज्याचा कर वेगळा असतो. निव्वळ हौसेची गिटार तोट्यात विकली, तर तो तोटा वजा मिळत नाही. वारशाने मिळालेल्या गिटारीचे मूळ मूल्य मात्र मृत्यूच्या दिवशीच्या बाजारभावाने धरले जाते, म्हणून वडिलांनी १९७० मध्ये किती डॉलर दिले होते याने फरक पडत नाही. मूल्यांकनाचा दाखला त्या वेळीच घेऊन ठेवावा.

व्यावसायिक वादकांना एक वेगळी वाट आहे. १९९५ मध्ये सायमन आणि लिडल या दोन खटल्यांत अमेरिकी अपील न्यायालयांनी वादकांच्या बाजूने निकाल दिला. पहिल्यात न्यूयॉर्क फिलहार्मोनिकच्या वादकांचे ‘तूर्त’ नावाच्या कारागिराने बनवलेले जुने व्हायोलिन-गज होते, दुसऱ्यात सतराव्या शतकातले रुग्गेरी बास वाद्य. वाद्याची किंमत वाढत असली तरी रोजच्या वापराने ते झिजते, म्हणून घसारा मिळतो, असे न्यायालयांनी मानले. विकताना घेतलेला घसारा नफ्यात परत मिळवावा लागतो, हे विसरता कामा नये.

भारतात परतून निवासी झाल्यावर चित्र बदलते. भारतीय आयकर कायद्यात वैयक्तिक वापराच्या जंगम वस्तू भांडवली मालमत्ता धरत नाहीत. दागिने, चित्रे, शिल्पे, पुरातत्त्वीय संग्रह आणि कलाकृती त्याला अपवाद आहेत. घरी वाजवली जाणारी गिटार त्या अपवादात बसवणे अवघड आहे, त्यामुळे तिच्या विक्रीवर भांडवली नफ्याचा कर लागू नये. मात्र घेणे-विकणे नियमित झाले की तो व्यवसाय ठरतो आणि त्याचे उत्पन्न करपात्र होते.

सगळ्यात नाजूक भाग प्रवासाचा आहे. १९६४ च्या स्ट्रॅटोकास्टरच्या फिंगरबोर्डला साधारणपणे ब्राझिलियन रोझवुड असे. हे लाकूड १९९२ पासून साइट्स या दुर्मीळ प्राणी-वनस्पतींच्या व्यापारावरील आंतरराष्ट्रीय कराराच्या पहिल्या परिशिष्टात आहे, म्हणजे सर्वांत कडक बंधनात. २०१९ मध्ये इतर रोझवुडच्या तयार वाद्यांना सूट मिळाली, पण ब्राझिलियन रोझवुडला मिळाली नाही. मार्टिनने १९६९ च्या सुमारास ते सोडून आपल्या सह्याद्रीतही वाढणाऱ्या शिसवीचा आधार घेतला. नंतर शिसवीही वादात सापडली. भारतातून आलेल्या रोझवुड आणि एबनीच्या फळ्यांवरून २०११ मध्ये गिब्सनच्या कारखान्यांवर अमेरिकी अधिकाऱ्यांनी छापा घातला. २००९ च्या छाप्यात सापडलेल्या मादागास्करच्या एबनीसह ते प्रकरण २०१२ मध्ये ३ लाख डॉलरच्या दंडावर मिटले.

गिटार १९९२ पूर्वीची असल्याचे सिद्ध करून अमेरिकेच्या फिश अँड वाइल्डलाइफ सर्व्हिसकडून करारपूर्व प्रमाणपत्र घेता येते. वाजवायला ने-आण करणाऱ्यांसाठी वाद्याचे वेगळे प्रमाणपत्रही असते. हे काम विमानाचे तिकीट काढण्याआधी करायचे असते, कारण त्याला आठवडे जातात. भारतात जुन्या वापरलेल्या वस्तूंची आयात सर्वसाधारणपणे निर्बंधित आहे. निवास बदलून येणाऱ्याच्या सामानात ती बॅगेज नियमांखाली येते, पण मर्यादा आणि शुल्क बदलत असतात, म्हणून त्या वेळचे नियम कस्टम्सकडून तपासावेत. गिटार मागाहून कुरिअरने पाठवल्यास ही सवलत मिळेल असे गृहीत धरू नये.

सौदा करण्यापूर्वी नेक उघडून पाहू द्यायला विक्रेता तयार नसेल, तर ती गिटार घेऊ नये.