आधी जपा, मग पुसा

(व्हिडिओ गेमचे यंत्र भरले की त्यात नवा खेळ बसत नाही. जुने काहीतरी काढावे लागते. काय काढावे, काय ठेवावे आणि काढण्यापूर्वी कोणती काळजी घ्यावी, हे या पाठात सांगितले आहे.)

मुलांनो, रायगडच्या किनाऱ्यावर पाऊस सुरू होण्याआधी घरोघरी आगोटीची तयारी चालते. मुरूड असो की श्रीवर्धन, मे महिन्यात तांदूळ, मिरच्या, सुकी मासळी, लाकडे असे चार महिन्यांचे सामान भरून ठेवतात. त्यासाठी आधी माळा रिकामा करावा लागतो. त्या वेळी दादी काय करते, ते नीट पाहा. रिकामे डबे, फुटकी मडकी ती लगेच खाली काढते. परंतु आखातातून आलेली जुनी पत्रे ज्या पेटीत आहेत, त्या पेटीला ती कोणाला हात लावू देत नाही. डबा बाजारात पुन्हा मिळतो. पत्र पुन्हा मिळत नाही.

व्हिडिओ गेमच्या यंत्रातही असाच एक माळा असतो. या यंत्राला कन्सोल म्हणतात. पडद्यावर 'जागा शिल्लक नाही' अशी सूचना आली, की तो माळा भरला असे समजावे. मग जागा करावी लागते. जागा करणे सोपे आहे. दोन-तीन बटणे दाबली की झाले. पण दादीसारखा विचार करून जागा करणे हे खरे काम आहे.

पूर्वी हा माळा किती लहान होता, हे ऐकून तुम्हांला नवल वाटेल. जपानमध्ये १९९४ साली पहिले प्लेस्टेशन विक्रीला आले. त्यात खेळाची नोंद ठेवण्यासाठी एक छोटे कार्ड लावत. त्यात १२८ केबी एवढीच जागा होती. त्या जागेचे १५ खाने वापरायला मिळत. पंधरा खाने भरले, की एक नोंद पुसल्याशिवाय दुसरी ठेवता येत नसे. २००० साली आलेल्या प्लेस्टेशन २ चे कार्ड ८ एमबीचे होते. २०१३ साली प्लेस्टेशन ४ आले, तेव्हा त्यात ५०० जीबी जागा होती. २०२० साली आलेल्या प्लेस्टेशन ५ मध्ये ८२५ जीबी जागा होती. एक एमबी म्हणजे सुमारे एक हजार केबी आणि एक जीबी म्हणजे सुमारे एक हजार एमबी. हिशेब करून पाहा. पहिल्या कार्डापेक्षा ही जागा साठ लाखांहून अधिक पट मोठी आहे!

मग एवढी मोठी जागाही का भरते? पहिले कारण असे, की सगळी जागा आपली नसते. यंत्राला स्वतःच्या कामासाठी काही जागा लागते. त्या ८२५ जीबीपैकी सुमारे ६६७ जीबीच आपल्या वाट्याला येत. दुसरे कारण असे, की खेळही मोठे झाले. आज काही खेळ १०० जीबीहून अधिक जागा घेतात. असे पाच-सहा खेळ भरले, की माळा काठोकाठ भरतो.

जागा करायची असेल तर आधी काहीच पुसू नका. आधी यादी पाहा. 'यादी' हा मराठी शब्द तुम्हांला उर्दूतील 'याद' या शब्दाच्या जवळचा वाटेल. यंत्राच्या सेटिंग्जमध्ये 'स्टोरेज' नावाचा भाग असतो. तो उघडला, की यंत्राच्या यादेत काय काय आहे आणि कशाने किती जागा घेतली आहे, हे दिसते. जमा, खर्च आणि बाकी असा हा हिशेबच आहे. या यादीत मुख्यतः तीन गोष्टी असतात. पहिली, खुद्द खेळ. दुसरी, तुम्ही खेळात कुठवर पोहोचलात त्याची नोंद. तिसरी, खेळताना घेतलेली चित्रे आणि चित्रफिती. या तिन्हींचा विचार वेगवेगळा करायला हवा.

खेळ हा बाजारातल्या डब्यासारखा आहे. तो काढला तरी पुन्हा आणता येतो. इंटरनेटवरून विकत घेतलेला खेळ आपल्या खात्यावर राहतो आणि सहसा पुन्हा उतरवून घेता येतो. तबकडीवरचा खेळ तबकडी घालून पुन्हा बसवता येतो. येथे अनेक मुलांचा एक गैरसमज होतो. तबकडी आपल्याजवळ आहे, म्हणजे खेळाने यंत्रात जागा घेतलेली नाही, असे त्यांना वाटते. ते बरोबर नाही. प्लेस्टेशन ४ आणि ५ मध्ये तबकडीवरचा खेळ आधी यंत्रात उतरतो. त्यानंतर तबकडी किल्लीसारखी वापरली जाते.

मग आधी कोणता खेळ काढावा? आपल्या गावातील इंटरनेटचा विचार करून ठरवा. समजा, एका खेळाला ६० जीबी जागा लागते आणि अम्मीच्या फोनला रोज दीड जीबी इंटरनेट मिळते. तो सगळा खेळासाठीच वापरला, तरी खेळ पुन्हा यायला ४० दिवस लागतील! शिवाय त्या ४० दिवसांत अब्बांशी फोनवर समोरासमोर बोलता येणार नाही, ते वेगळेच. म्हणून तबकडी जवळ असलेले खेळ आधी काढा. ते परत आणायला इंटरनेट सहसा कमी लागते. इंटरनेटवरून घेतलेला खेळ पूर्ण खेळून झाला असेल, तरच तो काढा.

दुसरी गोष्ट म्हणजे नोंद. ही दादीच्या पेटीतल्या पत्रासारखी आहे. ती आकाराने फार लहान असते. एका मोठ्या खेळाच्या जागेत अशा शेकडो नोंदी मावतील. ती पुसून जागा फारशी मिळत नाही, पण महिनोन्‌महिन्यांचा खेळ मात्र जातो. प्लेस्टेशन आणि निन्टेन्डो स्विच या यंत्रांत खेळ काढला तरी नोंद आपोआप जात नाही. ती वेगळ्या ठिकाणी राहते. खेळ पुन्हा आणला, की जेथे थांबलो होतो तेथून पुढे खेळता येते. म्हणून पुसताना पडद्यावरचा शब्द न् शब्द वाचा. 'खेळ पुसा' आणि 'नोंद पुसा' या दोन वेगळ्या आज्ञा आहेत.

आता सगळ्यांत नाजूक गोष्ट सांगतो. एका यंत्रावर घरातील तिघे-चौघे खेळतात. प्रत्येकाचे नाव वेगळे असते. समजा, भाईजान नोकरीसाठी कुवेतला गेला. दोन वर्षांत त्याने यंत्राला हात लावलेला नाही. तुम्हांला वाटेल, त्याचे नाव काढून टाकावे. पण प्लेस्टेशन ४ मधून एखाद्याचे नाव काढले, की त्या नावाखाली यंत्रात ठेवलेल्या त्याच्या सगळ्या नोंदी आणि चित्रेही त्याबरोबर जातात. भाईजान सुट्टीवर येईल, तेव्हा त्याचा अर्धा राहिलेला सामना तेथे नसेल. म्हणून दुसऱ्याचे काही पुसण्यापूर्वी त्याला विचारा. फोनवरचे एक वाक्य पुरते.

एवढ्याशा नोंदीचे मोल किती असू शकते, ते एका हकीकतीवरून कळेल. ती एका परदेशी तरुणाने २०१४ साली लिहिली आणि जगभर वाचली गेली. तो लहान असताना वडिलांनी पहिला एक्सबॉक्स घरी आणला होता. बापलेक मोटारींच्या शर्यतीचा एक खेळ खेळत. मुलगा सहा वर्षांचा असताना वडील वारले. पुढे दहा वर्षे त्याने त्या यंत्राला हात लावला नाही. नंतर एके दिवशी त्याने यंत्र सुरू केले, तर शर्यतीत एक छायागाडी धावताना दिसली. त्या खेळात सर्वांत कमी वेळात शर्यत पूर्ण करणाऱ्याची धाव नोंदून ठेवलेली असते आणि पुढच्या खेळाडूला ती छायेसारखी पुढे धावताना दिसते. ती वडिलांची धाव होती. मुलगा पुन्हा पुन्हा खेळला. शेवटी तो त्या छायेच्या पुढे जाऊ लागला. पण शर्यत जिंकली असती, तर वडिलांची नोंद पुसून त्याची नोंद आली असती. म्हणून तो अंतिम रेषेच्या अलीकडेच थांबत असे. दुसऱ्या कोणाला ती नोंद म्हणजे भरलेला एक खाना वाटली असती. त्या मुलासाठी ती वडिलांची गाडी होती.

तिसरी गोष्ट चित्रांची. प्लेस्टेशन ५ मध्ये बक्षीस मिळाले, की त्या क्षणाचे चित्र आणि चित्रफीत आपोआप साठते. ही सोय बंद करता येते. अशा चित्रफिती बरीच जागा खातात आणि त्या आपण कधी पाहतही नाही. त्या खुशाल पुसा. मात्र भावंडांनी मिळून खेळलेला एखादा सामना त्यांत असेल, तर तो आधी पेन ड्राइव्हवर उतरवून घ्या.

पुसण्यापूर्वी दुसरी प्रत करणे ही चांगली सवय आहे. एक्सबॉक्स इंटरनेटला जोडलेला असेल, तर नोंदीची प्रत कंपनीच्या संगणकावर जाते. त्यासाठी वेगळे पैसे पडत नाहीत. प्लेस्टेशन आणि निन्टेन्डोवर या सोयीसाठी वर्गणी भरावी लागते. प्लेस्टेशन ४ च्या नोंदी पेन ड्राइव्हवरही ठेवता येतात. पण दूरच्या संगणकावरची प्रत हवी तेव्हा हाती येईलच असे नाही. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर आदळले. रायगडमधील अनेक गावांत कित्येक दिवस वीज नव्हती आणि फोनही लागत नव्हते. अशा वेळी पेटीत कोरडी ठेवलेली प्रतच आपली असते.

एवढे करूनही जागा पुरली नाही, तर बाहेरून डिस्क जोडता येते. प्लेस्टेशन ४ चे खेळ अशा डिस्कवरून खेळता येतात. प्लेस्टेशन ५ चे खेळ यूएसबीने जोडलेल्या डिस्कवर फक्त ठेवता येतात. खेळायचे असतील तेव्हा ते पुन्हा यंत्रात आणावे लागतात. तरीही इंटरनेट खर्च करण्यापेक्षा हे बरे. निन्टेन्डो स्विचमध्ये छोटे मेमरी कार्ड घालतात. त्यावर खेळ राहतात, नोंदी मात्र यंत्रातच राहतात.

आणखी एक गोष्ट. यंत्र काठोकाठ भरू नका. खेळाला नवी भर येते, तेव्हा ती बसवण्यासाठी मोकळी जागा लागते. समुद्रावर जाणारा नाखवा होडी अशी भरत नाही, की जाळे ओढायलाही जागा उरू नये.

मुलांनो, पुसायला एक क्षण लागतो. म्हणून बटण दाबण्यापूर्वी स्वतःला तीन प्रश्न विचारा. हे पुन्हा मिळेल का? हे कोणाचे आहे? याची दुसरी प्रत आहे का? या तिन्हींची उत्तरे मिळाली, की निर्धास्तपणे जागा करा आणि नवा खेळ खेळा.

शब्दार्थ

आगोट – पावसाळ्यापूर्वीचा काळ. त्या वेळी केलेली बेगमी
माळा – छपराखालची सामान ठेवण्याची जागा
शिल्लक – उरलेले
काठोकाठ – अगदी वरपर्यंत
नाजूक – जपून हाताळावी अशी (गोष्ट)
छायागाडी – सावलीसारखी दिसणारी गाडी
वर्गणी – ठरावीक काळाने द्यायची रक्कम
नाखवा – होडीचा प्रमुख
निर्धास्तपणे – काळजी न करता

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) दादी कोणत्या पेटीला हात लावू देत नाही?
(आ) पहिल्या प्लेस्टेशनच्या कार्डात किती खाने वापरायला मिळत?
(इ) कोणते खेळ आधी काढावेत?
(ई) निसर्ग चक्रीवादळ केव्हा आले?

प्र. २. कारणे लिहा.
(अ) नोंद पुसून फारशी जागा मिळत नाही.
(आ) मुलगा अंतिम रेषेच्या अलीकडेच थांबत असे.
(इ) यंत्र काठोकाठ भरू नये.

प्र. ३. रिकाम्या जागा भरा.
(अ) तबकडी .......... वापरली जाते.
(आ) 'खेळ पुसा' आणि '.......... पुसा' या दोन वेगळ्या आज्ञा आहेत.

प्र. ४. हिशेब, जमा, खर्च, बाकी हे शब्द मराठीत आणि उर्दूतही आहेत. पाठातून असे आणखी तीन शब्द शोधा. त्यांचा मराठी वाक्यांत उपयोग करा.

प्र. ५. विरुद्धार्थी शब्द लिहा.
रिकामा, जुना, सोपे, मोकळी

उपक्रम : घरातील मोठ्या माणसांना विचारून, पुन्हा न मिळणाऱ्या पाच वस्तूंची यादी करा. प्रत्येक वस्तू का जपली आहे, ते एका वाक्यात लिहा.