सिनेमाआधीची सक्ती

प्रश्न : आजोबा सांगतात, पूर्वी थिएटरात सिनेमाआधी सरकारी माहितीपट बघावाच लागे. ही सक्ती नेहरूंच्या काळातलीच ना?
– एक वाचक, केबिन रोड, भाईंदर (पूर्व)

उत्तर : नेहरूंच्या काळात ती होतीच, पण जन्मली इंग्रजांच्या राज्यात, दुसऱ्या महायुद्धात.

त्याआधी असे पट निघत ते हौसेपोटी, पदरमोड करून. मुंबईचे छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी 1901 मध्ये सीनियर रँग्लर, म्हणजे केंब्रिजच्या गणित परीक्षेत पहिले आलेले, र. पु. परांजपे मायदेशी परतले तेव्हाचं स्वागत चित्रित केलं. तो आपला पहिला वृत्तपट मानतात. दादासाहेब फाळक्यांनी तर कुंडीत वाटाणा पेरला, ठरावीक वेळाने एकेक चौकट टिपली आणि पडद्यावर रोप भराभर वाढवून दाखवलं. 'राजा हरिश्चंद्र'ला भांडवल मिळालं ते या वाटाण्याच्या जोरावर! माझ्या मते आपल्या शैक्षणिक चित्रपटाची इतकी देखणी सुरुवात पुढे कुणाला साधली नाही.

1930 नंतर मुंबईत तीन शिकलेले गडी आले : डॉ. पी. व्ही. पथी पॅरिसहून, के. एस. हिर्लेकर जर्मनीहून आणि डी. जी. तेंडुलकर रशियातून. (हेच ते गांधीजींचे आठ खंडी चरित्रकार.) हुन्नर होता, पैसा आणि पडदा मात्र नव्हता.

दोन्ही आले ते युद्धाबरोबर, सरकारच्या अटींवर. 1940 मध्ये मुंबईत युद्धप्रचाराचे पट काढायला फिल्म अॅडव्हायझरी बोर्ड निघालं. आधी अलेक्झांडर शॉ, मग काही काळ चक्क व्ही. शांताराम त्याचे प्रमुख निर्माते होते. पण युद्धप्रचार तिकीट काढून कोण बघणार? मग 1943 मध्ये माहितीपटांसाठी 'इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया' हे सरकारी खातं आणि 'इंडियन न्यूज परेड' हा वृत्तपट आले, आणि भारत संरक्षण नियमांत 44-अ घुसला : प्रत्येक खेळाला सरकारमान्य 2000 फूट फिल्म दाखवायचीच. म्हणजे जवळजवळ 22 मिनिटं.

युद्ध संपल्यावर, 1946 मध्ये, विधिमंडळाने पैसा तोडला, खातं बंद पडलं. त्यामुळे 15 ऑगस्ट 1947 रोजी सरकारकडे स्वतःचं चित्रण पथकच नव्हतं. 1948 मध्ये फिल्म्स डिव्हिजन स्थापन झालं आणि सक्तीही परतली, या वेळी थिएटरच्या परवान्यातली अट म्हणून. वर त्या रिळांचं भाडंही थिएटरवाल्यांकडूनच!